बोटाचा ठसा आणि काळी रेघ

पाटसहून उत्तरेकडे निघाले की उसाच्या फडांमधून रस्ता भीमेवर येतो. नदी ओलांडली की दौंड तालुका संपून शिरूर लागतो, मांडवगण फराटा मागे पडते आणि घोडनदीच्या उजव्या काठावर इनामगाव येते. एकेकाळी भीमथडीच्या तट्टांसाठी नावाजलेला, अवर्षणाला सरावलेला आणि आज कालव्यांच्या पाण्यावर हिरवा झालेला हा मुलूख आहे. इथल्या शेतकऱ्याच्या बोलण्यात जमिनीच्या दोन जाती येतात, काळी आणि पांढरी. काळी पिकवायची, पांढरीत राहायचे. एका जागी माणसे पिढ्यानपिढ्या राहिली, भिंती ढासळल्या, त्यावर पुन्हा भिंती उभ्या राहिल्या, चुलीची राख आणि गोठ्याचे शेण मातीत मुरत गेले, की ती जागा उंचावते आणि तिची माती पांढरट, भुसभुशीत होते. हीच पांढर. शेतकरी ती खत म्हणून उकरून नेतात आणि तिच्यासोबत खापरेही शेतात जाऊन पडतात. इनामगावच्या अशाच पांढरीच्या टेकाडांवर पुण्याच्या डेक्कन कॉलेजने 1968 ते 1983 या काळात उत्खनन केले. हसमुख सांकळिया, मधुकर ढवळीकर आणि झैनुद्दीन अन्सारी ही या कामातली मुख्य नावे. शंभराहून अधिक घरे उघडी झाली. धान्याची पेवे, कणग्यांचे ओटे, चुली, कुंभाराची भट्टी आणि घरातल्या जमिनीखाली पुरलेली माणसे सापडली. इसवी सनापूर्वी सुमारे 1600 ते 700 अशी नऊ शतके इथे शेतकरी नांदत होते. त्यांनी लिहिलेले एक अक्षरही मागे राहिलेले नाही. राहिली ती मडकी, आणि त्या मडक्यांचे पृष्ठभाग.

पृष्ठभाग हा शब्द मी मुद्दाम वापरतो आहे. या नऊ शतकांचे आपण जे तीन भाग पाडतो, ते मुळात मडक्यांच्या अंगावरूनच पाडलेले आहेत. पहिला भाग माळवा संस्कृतीचा, इ.स.पू. 1600 ते 1400. दुसरा आद्य जोर्वे, 1400 ते 1000. तिसरा उत्तर जोर्वे, 1000 ते 700. जोर्वे हे संगमनेर तालुक्यातले प्रवरेकाठचे गाव. 1950–51 मध्ये तिथे केलेल्या उत्खननात लालसर, बिनचमकीच्या अंगावर काळ्या रेघा असलेली मडकी प्रथम नीट ओळखली गेली आणि तीच खूण पुढे नेवासे, चांडोली, दायमाबाद, इनामगाव इथे पटत गेली. म्हणजे एका अख्ख्या समाजाला आपण त्याच्या मडक्याच्या रंगावरून आणि रेघेवरून नाव दिले. दुसरे साधन नसल्याने ते अटळ होते. पण त्याची किंमतही आपण मोजली. रंगवलेले खापर उचलले जाते, त्याचे चित्र काढले जाते, पुस्तकात छापले जाते. त्याच घरातल्या, चाकावर न चढवता हाताने घडवलेल्या जाड मडक्याचा तुकडा मात्र ‘जाडीभरडी भांडी’ या एका मथळ्याखाली जातो. त्यामुळे आपल्या मनात एक समज घट्ट बसला आहे: चाकावरचे, रंगवलेले मडके म्हणजे कला आणि हाताचे मडके म्हणजे केवळ गरज. माझे म्हणणे याच्या उलट दिशेने जाते. हाताने घडवलेल्या मडक्यावर ‘आवरणे’ आणि ‘सजवणे’ ही दोन कामे नव्हतीच. भांडे टिकावे म्हणून हाताने जे केले, तेच त्याचे नक्षीकाम होते. हे एकदा नीट पाहिले, की इनामगावच्या भरभराटीची आणि उतरणीची जी गोष्ट आपण रंगीत खापरांवरून सांगतो, तिच्यात थोडी दुरुस्ती करावी लागते.

सुरुवात मातीपासूनच करायला हवी, कारण या खोऱ्यातली माती कुंभाराला सहज वश होणारी नाही. दख्खनच्या काळ्या दगडाची झीज होऊन बनलेली ही चिकणमाती पाणी पितापिता फुगते आणि वाळताना तितकीच आवळते. उन्हाळ्यात काळ्या रानात हात जाईल एवढ्या भेगा पडतात, त्या याच गुणाने. हीच भेग मडक्याला पडली तर ते गेले. म्हणून नदीचा पोयटा निवडायचा, त्यात वाळू, भुसा, राख, शेण असे काही ना काही मिसळायचे आणि मातीचा हट्ट मोडायचा. आजचे कुंभारही घोड्याची लीद आणि राख घालतात, ती याचसाठी. लहान भांड्याला हे पुरते. पण दोन माणसांनी कवेत धरावा एवढा रांजण करायचा असेल, तर तो एका दमात उभा राहत नाही. मातीच्या जाड वळ्या करायच्या, एकीवर एक चढवायच्या, खालचा भाग वरचे ओझे पेलण्याइतका वाळू द्यायचा, मग पुढची वळी. आतून दगडी गोळा धरून बाहेरून लाकडी थापीने थापटत भिंत पातळ आणि घट्ट करायची. अशा भांड्याचा दुबळेपणा ठरलेला असतो: दोन वळ्यांचा सांधा आणि खांद्यावर जिथे भिंत आत वळते ती जागा. अर्धवट वाळलेल्या मातीला ओली माती नीट धरत नाही. दोन्हींचे आवळणे वेगवेगळ्या वेळी होते आणि सांध्यावर केसाएवढी फट राहते, ती पुढे आगीत उकलते.

इनामगावच्या आणि एकूणच जोर्वेकाळातल्या जाड, हाताने घडवलेल्या साठवणीच्या भांड्यांवर बोटांच्या टोकांनी दाबून केलेले काम दिसते, आणि चिकटवलेल्या मातीच्या पट्ट्याही. अशा पट्टीचा एखादा तुकडा हातात धरून तिरप्या उजेडात पाहावा. मातीची एक अंगठ्याएवढी पट्टी भांड्याभोवती फिरवली आहे आणि तिच्यावर ठरावीक अंतराने बोटाचे टोक रोवले आहे. प्रत्येक खळग्याची एक कड खोल, दुसरी उथळ. बोट सरळ न जाता किंचित तिरपे आत गेले आणि मातीला पुढे ढकलत बाहेर आले, म्हणून ती तशी झाली. कधी खळग्याच्या कडेला नखाची चंद्रकोरही राहते. आता कुंभाराच्या बाजूने विचार करा. नुसती पट्टी ओल्या अंगावर टेकवली तर तिच्याखाली हवा राहते आणि वाळताना ती सुटून येते. ती बसवायची तर जागोजाग दाबून खालच्या मातीत मुरवावी लागते. म्हणजे हा प्रत्येक खळगा मुळात एक टाका आहे. पट्टी सांध्यावर आडवी बसते आणि पोटाला कंबरपट्ट्यासारखी आवळून धरते. रांजण ढकलताना, तिरपा करताना बोटांना पकड मिळते ती निराळीच. आणि हे सगळे करून झाल्यावर डोळ्यांसमोर उभी राहते एक वेणी, भांड्याच्या गळ्यात घातलेल्या गोफासारखी.

यावर पहिला आक्षेप सरळ आहे. पट्टी टिकाऊपणासाठी असेल, पण खळगे इतके एकसारखे का? घाईने दाबले असते तरी पट्टी बसली असती. सारखे अंतर, सारखी खोली म्हणजे हा शोभेचाच हेतू, आणि बळकटीचे कारण आपण मागाहून चिकटवतो आहोत. आक्षेप खरा आहे, पण तो गृहीत धरतो की एका कृतीला एकच हेतू असतो. हात चालवून जगणारा कोणताही कारागीर हे मान्य करणार नाही. पुण्याच्या तांबट आळीतले मठारकाम पाहावे. तांब्याच्या हंड्यावर हातोडीचे ठोके ओळीने, गोल फेर धरून पडतात. ठोक्याने धातू दबतो, कडक होतो आणि पातळ पत्र्याला बळ येते. त्याच ठोक्यांनी अंगभर चमकते ठिपके उमटतात आणि घेणारा त्या ठिपक्यांवरच भाळतो. ठोका कामाचा की शोभेचा, हा प्रश्न तिथे विचारताच येत नाही, कारण ठोके वेडेवाकडे पडले तर पत्रा कुठे पातळ, कुठे जाड राहून भांडे कमजोरही होते आणि वाईटही दिसते. मातीच्या पट्टीचे तसेच आहे. खळगे सारख्या अंतरावर असतील तर पट्टी सगळीकडे सारखी धरते. एक जागा सुटली तर तिथूनच ती उचकटते. नीटनेटकेपणा हाच इथे टिकाऊपणा आहे. सारवण करणाऱ्या बाईचा हात भिंतीवर अर्धवर्तुळे काढत जातो, ती काढायची म्हणून काढत नाही, पण एकही वर्तुळ मोडू देत नाही. त्या शिस्तीला मी कला म्हणतो, आणि ती म्हणण्यासाठी कुंचल्याची वाट पाहायची गरज मला वाटत नाही.

हाताच्या मडक्यांवरचे दुसरे काम याहून अबोल आहे: घोटणे. दख्खनच्या दक्षिण भागात, कर्नाटकाकडे, नवाश्मयुगापासून राखी रंगाची घोटीव भांडी होती, आणि तशा राखी भांड्यांशी नाते सांगणारी मडकी जोर्वे वसाहतींतही येतात. मडके एवढे वाळू द्यायचे की बोटाचा ठसा उमटेल पण आकार ढळणार नाही. मग नदीतली गुळगुळीत गारगोटी घेऊन अंगावर एकाच दिशेने घासत जायचे. चिकणमातीचे कण मुळात चपटे असतात. घासल्याने ते आडवे पडतात, एकमेकांना चिकटून बसतात आणि अंग तकतकीत होते. छिद्रे बुजल्याने पाझर कमी होतो. आगीत मात्र संयम हवा, कारण फार तापवले की ही चकाकी मरते. राखी रंग येतो तो भट्टीत हवा कमी पडू दिल्याने. लाकूड-शेणीचा धूर कोंडला की मातीतले लोह लाल होत नाही, आणि धुराचे काजळ अंगात मुरते. हे सगळे कोणत्याही रंगाशिवाय झाले. रंग आगीकडून घेतला, चमक गारगोटीकडून. जवळून पाहिले तर घोटलेल्या अंगावर बारीक, लांबट पट्टे दिसतात, गवताच्या पात्यांसारखे शेजारीशेजारी. प्रत्येक पट्टा म्हणजे हाताची एक ओढ. एका हंडीला अशा शेकडो ओढी लागतात. हे काम ‘साधे’ म्हणणाऱ्याने ते कधी करून पाहिलेले नसते.

राखी, जाड्या, हाताने घडवलेल्या कुंभांचा इनामगावात एक उपयोग असा होता, की तिथे शोभा आणि गरज यांच्या चर्चेचा सूर खाली येतो. लहान मूल दगावले की घराच्या जमिनीत खड्डा घेत, दोन कुंभ आडवे ठेवून तोंडाला तोंड लावत आणि मुलाला त्यांत झोपवत. सोबत बहुधा एखादा रंगवलेला वाडगा आणि तोटीचे भांडे ठेवत. इथे कुणी म्हणेल, मुलासाठी जाडेभरडे मडके आणि शेजारी मात्र नक्षीचा वाडगा, म्हणजे चांगले कोणते हे त्या लोकांनाही ठाऊक होते. मला तसे दिसत नाही. वाडगा आणि तोटीचे भांडे ही खाण्यापिण्याची भांडी. ती मुलासाठी दिलेली शिदोरी. कुंभ हा निवारा. निवाऱ्यासाठी तेच भांडे घेतले, जे घरात धान्य सांभाळते, ज्याच्या भिंती जाड आहेत, जे हाताने थापटून वाढवले आहे. दोन प्रकारच्या पृष्ठभागांची ही वाटणी दर्जाची नसून कामाची होती. एकाच गावात दोन्ही वापरात होते. इनामगावात कारागिरांची घरे गावाच्या पश्चिम कडेला होती, आणि कुंभार त्यांच्यातच. चाक ठाऊक नव्हते म्हणून हाताने घडवले, असे इथे म्हणताच येत नाही. शेजारीच वेगाचे चाक फिरत होते. हाताने घडवणे ही निवड होती.

आता रंगवलेल्या मडक्यांकडे वळायला हवे, कारण माझ्या म्हणण्याची खरी कसोटी तिथे लागते. माळवा काळातले मडके अंगाने जरा भरड असते. त्यावर पिवळट किंवा नारिंगी मातीचा दाट लेप दिलेला असतो आणि लेपावर काळ्या-तपकिरी रंगात नक्षी: चौकटी, जाळ्या, पाने, प्राणी. लेप म्हणजे गाळून, निवळून पातळ केलेली माती. ती भरड अंगावरची भुशाची छिद्रे आणि खडबड झाकते आणि कुंचल्याला सपाट जागा देते. तिचे आवळणे मडक्याच्या आवळण्याशी जुळावे लागते, नाहीतर वाळताना लेपाचे पापुद्रे निघतात. म्हणजे लेप हे सजावटीच्या आधीचे, आवरण्याचे काम. पुढे आद्य जोर्वेत माती आधीच बारीक गाळलेली, चाक वेगाचे, भाजणी पक्की, इतकी की खापर वाजवले तर खणखणते. अंग मुळातच तलम झाल्यावर दाट लेपाची गरज उरली नाही. नक्षीही बदलली. प्राणी जवळपास गेले. आडव्या पट्ट्या, तिरप्या रेघांचे गुच्छ, शिड्या, जाळी भरलेले शंकरपाळे उरले. पुष्कळांना यात कल्पकतेची ओहोटी दिसते. पण चाकाजवळ बसून पाहिले तर कारण समोरच आहे. फिरत्या मडक्याला कुंचला टेकवून धरला की पट्टी आपोआप उमटते, हात हलवावा लागत नाही. पट्टी जिथे सुरू झाली तिथेच येऊन मिळते आणि त्या जागी रंग दुणावतो. दोन पट्ट्यांच्या मधली जागा मग हाताच्या चार झटक्यांत भरायची. जोर्वेचा वाडगा कमरेशी मोडलेला असतो, तिथे भिंतीला स्पष्ट धार येते. ती धारच नक्षीची हद्द ठरते. चाकाने मडक्याचा आकार दिला, तसाच नक्षीचा आराखडाही दिला. हाताच्या मडक्यावर बोट जे करत होते, तेच इथे चाक करते आहे. घडवण्याची खूणच शोभा होऊन मागे राहते.

पण रंगाचे काय? काळ्या रेघेने मडके बळकट होत नाही, पाझर थांबत नाही, पकड येत नाही. इथे माझा युक्तिवाद तोकडा पडतो, हे कबूल करायला हवे. रेघ डोळ्यांसाठी आहे आणि ती ज्याने काढली त्याला ती काढण्यात आनंद होता. हाताच्या मडक्यावर शोभा आणि काम एकजीव आहेत. रंगवलेल्या मडक्यावर ती दोन झाली. हा फरक खरा आहे आणि महत्त्वाचा आहे. फक्त त्याचा अर्थ ‘खालून वर गेलो’ एवढाच लावू नये. रेघ वेगळी झाली, म्हणून ती जास्तीची झाली. नुसत्या लोहाचा रंग मोकळ्या हवेच्या भट्टीत लाल होतो. लाल अंगावर रेघ काळीच राहायला हवी असेल तर रंगात मँगनीजचा अंश असावा लागतो, किंवा भाजणीत धूर कोंडण्याची आणि पुन्हा हवा सोडण्याची नेमकी वेळ साधावी लागते. रंगद्रव्य शोधून आणायचे, वाटायचे, माती गाळून ठेवायची, भट्टीत फिकी-करपट मडकी होऊ नयेत म्हणून सरपण भरपूर लावायचे. या साखळीत पुष्कळ माणसे आणि बरेच शिलकीचे धान्य गुंतलेले असते. बोटाच्या ठशाला यातले काही लागत नाही.

म्हणूनच उत्तर जोर्वेचा काळ दोन्ही पृष्ठभागांवरून एकत्र वाचला पाहिजे. इ.स.पू. 1000 नंतर इनामगावाची स्थिती खालावली. आयताकृती, प्रशस्त घरे जाऊन गोल झोपड्या आल्या, शेतीचा भार कमी होऊन शेळ्या-मेंढ्यांवर आणि शिकारीवर भर आला. पाऊसमान बिघडल्याचे कारण उत्खननकर्त्यांनी दिले आहे. मडकीही उतरली: माती पूर्वीइतकी तलम नाही, वाडग्याच्या कमरेची धार बोथट झाली, रंगकाम कमी झाले आणि जे झाले ते उरकल्यासारखे झाले. यावरून कुंभाराचे कसब गेले, असे सहज म्हटले जाते. पण हाताचे काम थांबलेले नाही. मुलांसाठी कुंभ लागतच होते, धान्यासाठी मोठी भांडी लागतच होती आणि ती घडवली जात होती. सबंध भिंत वळ्यांनी उभी करणारा, आगीत न उकलणारा सांधा बसवणारा हात जर शाबूत असेल, तर कसब गेले असे म्हणणे त्या हातावर अन्याय आहे. गेली ती शिल्लक. माती गाळायला लागणारा वेळ, भट्टीला लागणारे सरपण आणि रेघेसाठी चार पायल्या जास्त मोजायला तयार असलेले गिऱ्हाईक गेले. दुष्काळात घरातले दागिने मोडतात, जाते कुणी मोडत नाही. रंगाची रेघ दागिन्यासारखी होती, बोटाचा ठसा जात्याच्या टाकीसारखा.

याला उलटा प्रश्न येतो. हाताच्या मडक्यांत बदल दिसत नाही, तो कौशल्य टिकल्यामुळे की त्यांच्याकडे कुणी लक्षच दिले नाही म्हणून? ज्यात आधीच कमी आहे त्यात उतरण कशी दिसणार? मला या प्रश्नाचे उत्तर भांड्याच्या आकारातच दिसते. निष्काळजी कुंभार लहान वाडगा कसाबसा काढील. मोठा कुंभ निष्काळजीपणे होतच नाही. तो वाळतानाच बसतो, नाहीतर भट्टीत दुभंगतो. जो टिकून माणसाला पोटात घेऊन अडीच-तीन हजार वर्षे राहिला, तो घडवणारा काम उरकणारा नव्हता.

एक मोह मला या विषयात फार जपून टाळावासा वाटतो. आज दौंड-शिरूरच्या बाजारात मांडलेला माठ पाहून ‘तीन हजार वर्षांची अखंड परंपरा’ म्हणण्याचा. इनामगाव इ.स.पू. 700 च्या सुमारास ओस पडले. सातवाहनांच्या काळात जुन्नर, नेवासे, तेर इथे जी मडकी दिसतात, त्यांचा थाट निराळा आहे. तिथे लखलखीत लाल घोटाईची भांडी आहेत, काळी-लाल भांडी आहेत. जोर्वेची काळी रेघ तिथे शोधून चालत नाही. पुढे बारा बलुतेदारांतला कुंभार आला, तो गावाला वर्षाची मडकी पुरवायचा आणि खळ्यावर बलुते घ्यायचा. पुण्यात कसब्याच्या कडेला कुंभारवेस झाली. ही साखळी सलग नाही. तरी आजच्या कुंभाराच्या अंगणात थापी आणि दगडी गोळा दिसतो, आतला हात बाहेरच्या थापेला झेलताना दिसतो, तो वारशामुळे जितका तितकाच मातीमुळे. त्याच खोऱ्यातली आवळणारी माती आणि तीच पाच बोटे असली की उपायही तेच सुचतात. माठाचे अंग मुद्दाम न घोटता खरखरीत ठेवतात. पाणी पाझरून उडाले पाहिजे, तरच ते गार होते. गेरूचा हात मात्र देतात, आणि पुष्कळ कुंभारघरांत हे रंगवण्याचे काम बायकांकडे असते. चाक पुरुषाकडे, अंग आवरणे बाईकडे. मडक्यावर शेवटचा हात कुणाचा, याला या धंद्यात मोठा अर्थ आहे.

तो शेवटचा हात कधीकधी कुंभारवाड्याबाहेरचाही असतो. संक्रांतीला लाल किंवा काळी सुगडे घरी येतात. ती कोरीच असतात. घरातली बाई हळद आणि कुंकू ओले करून त्यांच्या अंगावर बोटे ओढते, उभ्या पाच रेघा, आणि मगच त्यांत ऊस, हरभरा, बोरे, गाजराचे तुकडे भरते. बोटे ओढल्याशिवाय सुगड सुगड होत नाही, ते नुसते बोळके राहते. लग्नघरातल्या उतरंडीची मडकी चुन्याने आणि रंगाने सजतात, तीही याच हिशेबाने. इथे बोटाची खूण मडके टिकवत नाही, तरी ती जास्तीचीही नाही. तिच्याने भांड्याचे काम सुरू होते. काम आणि शोभा यांचे जे एकत्र येणे मी रांजणाच्या पट्टीवर दाखवू पाहत होतो, ते इथे दुसऱ्या वाटेने पुन्हा भेटते.

इनामगावातले एक भांडे या सगळ्या चर्चेत बाजूला ठेवता येत नाही. गावाच्या मध्यावर पाच खोल्यांचे एक घर होते, शेजारी धान्याचे कोठार. त्या घराच्या अंगणात चार पायांचा, फुगीर पोटाचा, कच्च्या मातीचा एक मोठा कुंभ पुरलेला होता आणि त्यात सुमारे चाळिशीचा एक पुरुष मांडी घालून बसवलेला होता. गावातल्या इतर प्रौढांना पुरताना त्यांची पावले घोट्यापासून तोडत. याची पावले शाबूत होती. गावातला मोठा माणूस, कदाचित प्रमुखच. ज्यांच्याजवळ पक्की भट्टी होती, काळी रेघ ओढणारे हात होते, त्यांनी त्याच्यासाठी चाकावरचे, रंगवलेले भांडे केले नाही. हाताने घडवले आणि भाजलेही नाही. कच्च्या मातीचे भांडे पाण्याला टिकत नाही, ते जमिनीसाठीच असते. त्याच गावात सापडलेली एक मातृदेवतेची मूर्तीही कच्च्या मातीचीच आहे. झाकणाच्या मातीच्या पेटीत ती जपून ठेवलेली होती आणि तिच्याबरोबर एक शिरविहीन स्त्रीमूर्ती आणि बैल होता. सर्वांत मानाच्या जागी या लोकांनी आग आणि रंग दोन्ही बाजूला ठेवले.

हाताने घडवलेल्या कोणत्याही बंद तोंडाच्या मडक्याचे खापर उलटे करून पाहावे. बाहेरून ते थापटलेले, पुसलेले, घोटलेले असते. आतून मात्र वळ्यांचे सांधे बोटांनी ओढून खाली लिंपलेले दिसतात, एकापुढे एक, उभ्या पन्हळी. त्या पुसायला कुणी आत हात घातलेला नाही. तिथे धान्य राहणार होते, किंवा मूल. बाहेरच्या अंगाला किती हात द्यायचा आणि आतल्या अंगाला कुठे थांबायचे, हे घडवणाऱ्याने प्रत्येक मडक्यापाशी ठरवले होते, आणि पन्हळींची रुंदी आजही मोजता येते: कुठे दोन बोटांची, कुठे तीन.